पुनर्मूल्यांकनाची मुदत आणि न्यायालयाची पायरी

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे आपल्याकडे वडीलधारी माणसे सांगत आली आहेत. बांधाच्या हातभर जमिनीसाठी दोन-दोन पिढ्या दिवाणी दावे चालविणाऱ्या आमच्या मुलखात या म्हणीचा अर्थ कोणास उलगडून सांगावा लागत नाही. परंतु गेल्या काही वर्षांत ही पायरी चढणाऱ्यांत एक नवाच वर्ग दिसू लागला आहे. वय अठरा ते बावीस, हातात गुणपत्रिका व पुनर्मूल्यांकनाचे शुल्क भरल्याची पावती, आणि तक्रार इतकीच की, विद्यापीठाने पैसे घेतले, अर्ज घेतला, पण उत्तर काही दिले नाही. अशा विद्यार्थ्यांनी उच्च न्यायालयात रिट अर्ज केल्याची बातमी आली की आमच्यातीलच काही मंडळी नाके मुरडतात. ‘अभ्यास करावयाचे सोडून पोरे वकिलांचे उंबरे झिजवू लागली,’ असा शेरा कट्ट्यावर सहज मारला जातो. शेरा मारणाऱ्यांच्या घरात त्या वर्षी कोणी परीक्षेस बसलेले नसते, एवढाच त्याचा अर्थ.

विद्यार्थी पुनर्मूल्यांकन मागतो तेव्हा तो नेमके काय मागतो, हे प्रथम समजून घेतले पाहिजे. गुणपडताळणीत केवळ बेरीज पाहिली जाते व एखादे उत्तर तपासावयाचे राहून गेले काय, याची खात्री केली जाते. पुनर्मूल्यांकनात दुसरा परीक्षक तीच उत्तरपत्रिका नव्याने वाचतो. ही सवलत विद्यापीठाने आपल्याच नियमांनी दिलेली असते; विद्यार्थ्याने ती हिसकावून घेतलेली नसते. तिच्यासाठी शुल्क आकारले जाते व ते अर्जाबरोबर आगाऊ भरावे लागते. अर्ज करण्याची मुदत मोजक्या दिवसांची. पूर्वी ती एका दिवसाने चुकली तर खिडकीवरचा कारकून अर्ज परत करी. आता खिडकीही उरली नाही, संगणकाच्या पडद्यावरचे दार ठरल्या घटकेस आपोआप मिटते. विद्यार्थ्यावर इतके कडक बंधन घालणारी संस्था स्वतःवर मात्र कोणते बंधन घेते? अर्ज एकदा आत गेला की तेथे काळ जणू थांबतो.

बाहेर तो थांबत नाही. शेवटच्या वर्षाचा एखादा विद्यार्थी घ्या. एका विषयात चार-सहा गुणांनी तो मागे राहिला. उत्तरे बरी लिहिल्याची त्याची खात्री आहे, म्हणून त्याने पुनर्मूल्यांकनाचा अर्ज केला. इकडे पुढच्या परीक्षेचे फॉर्म भरण्याची तारीख आली. फॉर्म भरावा तर पुन्हा शुल्क व पुन्हा तोच अभ्यास. न भरावा आणि निकाल विरुद्ध गेला तर सहा महिने पाण्यात. बहुतेक घरांतून ‘भरून टाक’ असाच सल्ला मिळतो, आणि तो शहाणपणाचाच असतो. मग पदव्युत्तर प्रवेशाची अखेरची तारीख येते. नोकरी देऊ करणारी कंपनी गुणपत्रिका मागते. शिक्षणासाठी कर्ज काढले असेल तर बँक विचारणा करते. या सर्वांना तो एकच उत्तर देऊ शकतो : निकाल अजून यावयाचा आहे. आणि फेरपरीक्षा होऊन गेल्यावर एके दिवशी कळते की, पहिल्याच परीक्षेत तो उत्तीर्ण होता. हा निकाल त्याच्या बाजूने लागला असे म्हणावयाचे काय? वरात निघून गेल्यावर आलेले हे घोडे त्याने कोठे बांधावे?

हे संकट आम्ही कल्पनेने रंगविलेले नाही. २०१७ च्या उन्हाळ्यात मुंबई विद्यापीठाने सर्व विद्याशाखांच्या उत्तरपत्रिका संगणकाच्या पडद्यावर तपासण्याची पद्धत एकदम अमलात आणली. कल्पना वाईट नव्हती. बेरजेच्या चुका टळाव्यात, तपासणीवर देखरेख राहावी, हा हेतू कोणासही मान्य व्हावा असाच होता. परंतु परीक्षा सुरू झाल्या तरी यंत्रणा उभारण्याची धावपळ चालूच होती. सतरा लाखांहून अधिक उत्तरपत्रिका पडद्यावर चढवावयाच्या होत्या आणि प्राध्यापकांस त्या पद्धतीची सवय होण्याइतकी सवड मिळाली नव्हती. ४७७ परीक्षांच्या निकालांचा प्रश्न होता. कुलपती या नात्याने राज्यपालांनी ३१ जुलै ही अखेरची तारीख घालून दिली, ती टळली. ऑगस्टमध्ये कुलगुरूंस रजेवर पाठवून कोल्हापूरच्या शिवाजी विद्यापीठाच्या कुलगुरूंकडे मुंबईचा जादा कार्यभार सोपविण्यात आला. शेवटचे निकाल लागावयास सप्टेंबर उजाडला आणि २४ ऑक्टोबर २०१७ रोजी कुलगुरू संजय देशमुख यांस पदावरून दूर करण्यात आले.

येथवरची कथा सर्वांस ठाऊक आहे, कारण मोठ्या पदावरील माणूस खाली आला की त्याचा आवाज दूरवर ऐकू जातो. विद्यार्थ्यांची खरी ससेहोलपट निकालांनंतर झाली. तिचा गवगवा मात्र तितका झाला नाही. जे निकाल लागले ते अनेकांना पटण्याजोगे नव्हते. पुनर्मूल्यांकनासाठी हजारो अर्ज आले. काही उत्तरपत्रिकांचा पत्ताच लागेना. काहींच्या पुरवण्या भलतीकडे गेल्याच्या तक्रारी झाल्या. हिवाळी परीक्षा येऊन ठेपल्या तरी उन्हाळी परीक्षेच्या पुनर्मूल्यांकनाचे निकाल अनेकांच्या हाती नव्हते. या साऱ्या गोंधळात विधी शाखेच्या विद्यार्थ्यांनी मुंबई उच्च न्यायालयाकडे धाव घेतली. कायदा शिकणाऱ्यांनी कायद्याचा पहिला प्रयोग आपल्याच विद्यापीठावर करावा, यात थोडा विनोद आहे खरा. पण त्यावर विद्यापीठाने हसावे अशा जातीचा तो नव्हे. या विद्यापीठाची हद्द सिंधुदुर्गापर्यंत आहे, हेही आमच्या वाचकांनी ध्यानात घ्यावे. आंबोलीचा घाट उतरला की लागणाऱ्या सावंतवाडीतील विद्यार्थ्याची उत्तरपत्रिका कोठे अडकली, हे विचारावयास त्याने मुंबईस जावे काय?

महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ हा कायदा त्याच वर्षी मार्चपासून अमलात आला होता. परीक्षा संपल्यापासून तीस दिवसांत निकाल लावण्याचा प्रयत्न करावा आणि कोणत्याही परिस्थितीत पंचेचाळीस दिवसांच्या आत तो लावावा, असे त्याचे ८९ वे कलम सांगते. ही मुदत पाळता आली नाही तर कारणांसह सविस्तर अहवाल कुलपतींस सादर करावा लागतो. म्हणजे कायदा अगदी ताजा होता आणि पहिल्याच उन्हाळ्यात तो मोडला गेला. परंतु आमचा मुद्दा याहून थोडा पुढचा आहे. हे बंधन मूळ निकालाचे आहे. चुकीचा निकाल दुरुस्त होण्यास किती दिवस लागावेत, याला तितकीच ठाम मुदत हवी. नाही तर पंचेचाळिसाव्या दिवशी कसाबसा निकाल लावून टाकावा आणि त्यातील चुका निस्तरावयास वर्ष लावावे, ही पळवाट खुली राहते.

यावर विद्यापीठांच्या वकिलांचे ठरलेले उत्तर असे की, परीक्षेच्या बाबतीत न्यायालयांनी हात घालू नये, असे सर्वोच्च न्यायालयानेच सांगितले आहे. हे उत्तर नीट तपासून पाहणे अगत्याचे आहे, कारण त्यात अर्धे सत्य आहे. महाराष्ट्राच्या शालान्त व उच्च माध्यमिक परीक्षा मंडळाचा नियम असा होता की, उत्तरपत्रिकेची गुणपडताळणी मिळेल, पुनर्मूल्यांकन मिळणार नाही व उत्तरपत्रिका पाहावयासही मिळणार नाही. मुंबई उच्च न्यायालयाने तो नियम रद्द ठरविला. मंडळ सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १९८४ साली परितोष शेठ यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तो वैध ठरविला. नियमात पुनर्मूल्यांकनाची तरतूद नसेल तर ते हक्क म्हणून मागता येत नाही, हे तत्त्व तेव्हापासून रूढ आहे. २०१७ च्या डिसेंबरमध्ये रणविजय सिंह यांच्या खटल्यात हीच भूमिका अधिक रेखीवपणे मांडली गेली : नियमात तरतूद असेल तर परीक्षा घेणाऱ्या संस्थेने पुनर्मूल्यांकन करावे, तरतूद नसेल तर न्यायालयाने अत्यंत विरळा व उघड चूक दिसणाऱ्या प्रकरणीच हस्तक्षेप करावा, आणि केवळ सहानुभूतीपोटी तो मुळीच करू नये.

हे आम्हांस मान्य आहे. परीक्षकाने सहा गुण द्यावयाचे की आठ, हे न्यायमूर्तींनी ठरवू लागणे आम्हांस कधीही रुचणार नाही. उत्तरपत्रिकेचा तोल पाहणे हे परीक्षकाचेच काम. उत्तरसूचीच उघड चुकीची असेल तर विद्यार्थ्यास त्याची शिक्षा होऊ नये, असे कानपूर विद्यापीठाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९८३ सालीच म्हटले होते. पण तो प्रसंग निराळा. प्रश्न हा की, रखडलेल्या पुनर्मूल्यांकनाची तक्रार या कोटीत बसतेच कशी? येथे नियमात तरतूद आहे. विद्यापीठाने शुल्क स्वीकारून ती लागूही केली आहे. विद्यार्थी न्यायमूर्तींस ‘माझे गुण वाढवा’ असे म्हणतच नाही. तो म्हणतो की, जे करण्याचे यांनी पत्करले आहे ते अमुक तारखेपर्यंत करावयास सांगा. यात विद्वत्तेचा, विषयज्ञानाचा, परीक्षकाच्या विवेकाचा काडीइतका संबंध नाही. गठ्ठा कोणत्या खोलीत पडला आहे आणि तो परीक्षकाकडे का गेला नाही, हा हमालीचा व हिशेबाचा प्रश्न आहे. सार्वजनिक संस्था आपले नेमून दिलेले काम करीत नसेल तर ते करावयास लावणारा परमादेश देण्याचा अधिकार राज्यघटनेच्या २२६ व्या अनुच्छेदाने उच्च न्यायालयास दिला आहे, आणि तो नेमका अशाच प्रसंगासाठी आहे.

किंबहुना १९८४ चा तो निर्णय विद्यापीठांनी पुन्हा एकदा वाचावा. पुनर्मूल्यांकन नाकारणारा नियम न्यायालयाने का उचलून धरला? परीक्षांच्या निकालास वेळेवर अंतिम रूप यावे, अनिश्चिततेचा घोळ वाढू नये, यात लोकहित आहे, म्हणून. २०१७ च्या खटल्यातही २००९ साली घेतलेल्या शिक्षकभरतीच्या परीक्षेचा वाद इतकी वर्षे रेंगाळला, याचीच खंत न्यायालयास वाटली. म्हणजे या निर्णयांचा गाभा वेळ हाच आहे. मग जी संस्था पुनर्मूल्यांकन देऊ करते आणि ते महिनोन् महिने पुरे करीत नाही, तिने याच निर्णयांची ढाल पुढे करावी, हे नवलच म्हटले पाहिजे.

न्यायालयाखेरीज दुसरे दार नाही काय, असे कोणी विचारील. एक दार होते. ते बंद झाले. पैसे देऊन सेवा न मिळाल्यास ग्राहक मंचाकडे जावे, हे आता खेड्यापाड्यांतही ठाऊक झाले आहे. परंतु बिहारच्या शालेय परीक्षा मंडळाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००९ साली असे ठरविले की, परीक्षा घेणारे मंडळ ही काही सेवा विकणारी संस्था नव्हे व परीक्षार्थी हा ग्राहक नव्हे. त्या प्रकरणी एकच आसनक्रमांक दोघांना दिला गेला होता व एका मुलाचा निकालच लागला नव्हता. ग्राहक मंचांनी त्यास भरपाई दिली होती. ती रद्द झाली. कायद्याच्या दृष्टीने हे बरोबरच असेल. व्यवहाराच्या दृष्टीने मात्र याचा अर्थ असा की, शुल्क घेताना विद्यापीठ दुकानदारासारखे वागू शकते आणि जबाब देताना सरस्वतीचे मंदिर होऊ शकते.

दुसरे दार किलकिले आहे. ९ ऑगस्ट २०११ रोजी आदित्य बंदोपाध्याय यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने माहिती अधिकाराच्या कायद्यान्वये परीक्षार्थीस आपली तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा व तिची प्रत घेण्याचा हक्क असल्याचे सांगितले. परीक्षकाचे नाव गुप्त राहील, एवढीच अट. या निर्णयाचे मोल मोठे आहे. झाकलेली मूठ त्या दिवशी उघडली. पण त्यातच एक मेख आहे : उत्तरपत्रिका जतन करण्याची जी मुदत संस्थेने ठरविली असेल तेवढ्यापुरताच हा हक्क. गठ्ठे रद्दीत गेल्यावर मागणाऱ्यास काय मिळणार? दिरंगाईने केवळ वेळ जातो असे नाही, पुरावाही जातो.

हैदराबादेकडील आमच्या वाचकांस २०१९ चा एप्रिल विसरता येणार नाही. तेलंगणातील इंटरमीजिएट परीक्षेच्या निकालात एका मुलीस तेलुगूत शून्य गुण दाखविले गेले. प्रत्यक्षात ते ९९ होते. निकालानंतरच्या दिवसांत अनेक कोवळ्या मुलामुलींनी जीव दिला. प्रकरण उच्च न्यायालयात गेले. अनुत्तीर्ण झालेल्या तीन लाखांहून अधिक विद्यार्थ्यांच्या उत्तरपत्रिका पुन्हा पडताळल्या गेल्या व मे महिन्याच्या अखेरीस त्यांपैकी ११३७ जण उत्तीर्ण ठरले. टक्केवारीने हा आकडा अगदीच लहान आहे, असे त्या वेळीही काहींनी म्हटले. आम्हांस त्या आकड्यात ११३७ घरे दिसतात. आणि एक गोष्ट आवर्जून नोंदविली पाहिजे. मनावर घेतले तेव्हा लाखो उत्तरपत्रिकांची पडताळणी महिन्या-सव्वामहिन्यात होऊ शकली. तेव्हा काही हजार अर्जांना सहा महिने का लागावेत, याचे उत्तर कागदांच्या संख्येत सापडत नाही.

ते उत्तर कोठे सापडते, हे सांगावयाचे तर विद्यापीठाची बाजूही ऐकली पाहिजे. महाविद्यालयांत प्राध्यापकांच्या जागा वर्षानुवर्षे रिकाम्या आहेत. तासिका तत्त्वावर नेमलेल्या माणसाकडून शिकवणे, पर्यवेक्षण, तपासणी आणि शिवाय निवडणुकीची व जनगणनेची कामे अपेक्षिली जातात. पुनर्मूल्यांकन हे तर बिनमोलाचे काम. मूळ तपासणी संपल्यावर, सुटी लागल्यावर, दुसऱ्याची चूक शोधावयास कोण आनंदाने येईल? पुन्हा, नशीब अजमावून पाहू म्हणून अर्ज करणारेही विद्यार्थी असतात, आणि त्यांच्या गर्दीत खरा पीडित मागे पडतो. हे सर्व आम्ही जाणतो. परंतु यातील एकही अडचण विद्यार्थ्याने निर्माण केलेली नाही, आणि प्रत्येकीचा भार मात्र त्याच्याच शिरावर येतो. आडात नाही ते पोहऱ्यात येणार नाही हे खरे. पण पाण्याचे पैसे आगाऊ घेताना आड कोरडा असल्याचे सांगावयास नको काय?

आमच्या बेळगाव भागाने आजवर तीन विद्यापीठे पाहिली. येथील जुनी महाविद्यालये आधी मुंबई विद्यापीठास जोडलेली होती, १९४९ नंतर ती कर्नाटक विद्यापीठाकडे गेली आणि २०१० पासून राणी चन्नम्मा विद्यापीठ गावाच्या वेशीवर आले. गोव्याची महाविद्यालयेही १९८५ पर्यंत मुंबईसच जोडलेली होती. निकालाची वाट पाहणाऱ्यांस विद्यापीठ कोणते यापेक्षा त्याचे दार किती दूर, हा प्रश्न नेहमीच मोठा वाटत आला. विद्यापीठ जवळ आले, न्यायालय मात्र दूरच राहिले. बेळगाव, खानापूर, निपाणी, कारवार येथील विद्यार्थ्यास रिट अर्जासाठी धारवाडच्या खंडपीठाकडे जावे लागते; २००८ पूर्वी तर थेट बंगळूरच गाठावे लागे. वकिलाची फी, कागदपत्रे, जाण्यायेण्याचा खर्च आणि बापाच्या बुडालेल्या दिवसाची मजुरी, यांची बेरीज पुनर्मूल्यांकनाच्या शुल्काच्या कित्येक पट होते. म्हणून जे न्यायालयात गेले त्यांची संख्या मोजून ‘तक्रारी फारशा नाहीत’ असे कोणी म्हणू नये. न गेलेल्यांनी मुकाट्याने दुसऱ्यांदा परीक्षा दिली, इतकेच.

न्यायालयांनीही एक पाऊल पुढे टाकावे, असे आम्हांस वाटते. अर्ज दाखल होतो, नोटीस निघते, विद्यापीठ ‘लवकरच निकाल लावतो’ असे सांगते आणि प्रकरण निकाली निघते. गेलेल्या वर्षाचे काय? १३ डिसेंबर २०१९ रोजी कृष्णा श्रद्धा यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने वैद्यकीय प्रवेशाबाबत महत्त्वाचे तत्त्व सांगितले. विद्यार्थ्याचा काही दोष नसता प्रवेश नाकारला गेला असेल व त्याने तातडीने दाद मागितली असेल, तर केवळ भरपाईवर त्याची बोळवण करू नये. शक्य तेथे त्याच वर्षी आणि न जमल्यास अपवाद म्हणून पुढील वर्षी त्यास जागा द्यावी, शिवाय भरपाईचाही विचार व्हावा. हा न्याय वैद्यकीय शिक्षणापुरताच का राहावा? ज्याचे पुनर्मूल्यांकन विद्यापीठाच्या दोषाने रखडले त्यास तात्पुरता प्रवेश मिळावा, मधल्या काळात भरलेले फेरपरीक्षेचे शुल्क परत मिळावे आणि ठरलेली मुदत उलटताच पुनर्मूल्यांकनाचे शुल्कही न मागता परत व्हावे. हे तिन्ही उपाय विद्यापीठांस स्वतःचे परिनियम बदलून उद्यादेखील करता येतील. त्यासाठी कोणा विद्यार्थ्यास धारवाडची बस पकडावयास लावण्याचे कारण नाही. शुल्क परत द्यावे लागणार म्हटल्यावर गठ्ठे कसे वेगाने हलू लागतील, ते पाहण्याजोगे होईल.

तोवर ज्यांच्यावर हा प्रसंग आला आहे त्यांस दोन व्यवहाराच्या गोष्टी सांगाव्याशा वाटतात. शुल्काची पावती व अर्जाची छापील प्रत जपून ठेवावी. मुदत उलटताच कुलसचिव व परीक्षा विभागप्रमुख यांस लेखी अर्ज करून निकाल मागावा, तो स्पीड पोस्टाने पाठवावा किंवा समक्ष देऊन शिक्क्यासह पोच घ्यावी. कारण परमादेश मागणाऱ्यास न्यायालय प्रथम हेच विचारते की, तुम्ही मागणी केली होती काय. उत्तरपत्रिकेच्या प्रतीसाठी माहिती अधिकाराचा अर्ज त्याच आठवड्यात करावा, म्हणजे तीस दिवसांत उत्तर देणे भाग पडते व गठ्ठा रद्दीत जाण्यापूर्वी तो कागदोपत्री अडतो. थांबून पाहू, असे म्हणण्यात दिवस घालवू नयेत. दाद मागण्यास उशीर केला की विद्यापीठाचा उशीर झाकला जातो. वकिलाचा खर्च झेपत नसेल तर १९८७ च्या विधिसेवा कायद्याने मोफत वकील मिळतो. अनुसूचित जाती-जमातींच्या विद्यार्थ्यांस व सर्व मुलींस त्यासाठी उत्पन्नाची अटही नाही, आणि अर्ज जिल्हा न्यायालयाच्या आवारातील विधिसेवा प्राधिकरणाच्या कचेरीत करता येतो. बेळगावची ती कचेरी धारवाडपेक्षा पुष्कळच जवळ आहे.